नांदुऱ्याची सडक आणि बऱ्हाणपूरची वाट

सुरतेजवळील हजिऱ्याहून निघून धुळें, जळगांव, भुसावळ, मलकापूर, नांदुरें, खामगांव, बाळापूर, अकोला व अमरावती ह्या गांवांवरून नागपुराकडे जाणाऱ्या महामार्गास हल्लीं राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ५३ असें म्हणतात. इ. स. २०१० मध्यें महामार्गांचे क्रमांक नव्यानें ठरले. त्यापूर्वीं ह्याचा क्रमांक ६ होता व बोलण्यांत अद्याप तोच आहे. ह्या मार्गाविषयीं मलकापूर-नांदुरें भागांत एक समजूत वारंवार ऐकूं येते. ती अशी कीं, सुरत बंदरांतून दक्षिणेंत व पूर्वेकडे जाणारी जी मोंगलांची बादशाही सडक तीच ही. तिच्यावर डांबर पडलें, पुढें काँक्रीट पडलें, एवढाच काय तो फरक. उत्सवप्रसंगींच्या पुस्तिकांत ही समजूत इतिहास म्हणून छापली जाऊं लागली म्हणजे तिची परीक्षा करणें अवश्य होतें.

आमचें मत प्रथमच सांगून टाकतों. बादशाही सडक नांदुऱ्यावरून गेलेली नव्हती. ती तापीच्या उत्तर तीरानें बऱ्हाणपुरास जात असे. नांदुऱ्याच्या टापूंतून जी जुनी वाट जात होती ती पूर्व-पश्चिम नव्हे, तर दक्षिणोत्तर, म्हणजे आजच्या महामार्गाला आडवी होती. आजचा मार्ग मुख्य मार्ग झाला तो कापसामुळें व आगगाडीमुळें, आणि तेंही एकोणिसाव्या शतकांत. ह्यांत नांदुऱ्याला कमीपणा येतो असें कोणीं मानूं नये. जें गांव दोन निरनिराळ्या काळच्या वाटांच्या चौकांत उभें आहे, त्याचा इतिहास एकाच सडकेच्या कांठच्या गांवाहून अधिक गुंतागुंतीचा, म्हणूनच अधिक वाचनीय असतो.

आतां प्रमाणें पाहूं. इंग्लंडच्या राजाचा वकील सर टॉमस रो हा इ. स. १६१५ च्या नोव्हेंबरांत सुरतेहून बऱ्हाणपुरास शाहजादा परवेझच्या भेटीस गेला. पीटर मंडी हा १६३० च्या भयंकर दुष्काळांत त्याच दिशेनें गेला व वाटेवरील प्रेतांचें जें वर्णन त्यानें लिहून ठेविलें तें वाचवत नाहीं. त्यानंतर फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हर्निये ह्यानें तर मजल-दरमजल कोसांचे आंकडेच दिले आहेत. बारडोली, वालोड, नवापूर, नंदुरबार, सिंदखेडें, थाळनेर, चोपडें, रावेर व पुढें बऱ्हाणपूर असा त्याचा क्रम आहे. नवापूरच्या बारीक, कस्तुरीसारखा वास येणाऱ्या तांदुळाचीही त्यानें आठवण ठेविली आहे. बऱ्हाणपूरच्या अलीकडच्या मुक्कामीं भरलेल्या गाड्यांवर जकात पडे व नुसते उतारू नेणाऱ्या गाड्या मोकळ्या सुटत, हेंही तो सांगतो. ह्या यादींतील थाळनेर तापीच्या उत्तर कांठावर आहे. तेथून पुढचीं चोपडें व रावेर हीं गांवेंही उत्तरेसच आहेत. म्हणजे सुरतेचा व्यापारी सिंदखेड्यापर्यंत दक्षिण तीरानें येई, थाळनेरास तापी उतरे आणि मग बऱ्हाणपूरपर्यंत सातपुड्याच्या सावलीनें जाई. भुसावळ, मलकापूर, नांदुरें ह्यांपैकीं एकाही गांवाचा ह्या मार्गाशीं संबंध येत नाहीं. बऱ्हाणपुराहून पुढें आग्र्याकडे जाणारी वाट असीरगडाखालून हंडियास नर्मदा उतरून सिरोंजेस जात असे. तीही आमच्या टापूपासून दूरच जाते.

येथें हस्तलिखितांच्या संग्राहकांस एक सूचना करून ठेवणें बरें. नंदुरबार, नांदूर मधमेश्वर, नांदूर शिंगोटें, नांदुरें अशीं सारख्या नांवांचीं गांवें महाराष्ट्रांत अनेक आहेत. मोडींत शब्दाच्या शेवटीं 'बार' ही अक्षरें पुसटलीं, कीं नंदुरबारचा कागद नांदुऱ्याच्या माथीं बसण्यास वेळ लागत नाहीं. जकातीच्या कागदांत सुलतानपूर किंवा थाळनेर हीं नांवें शेजारीं असतील तर तो कागद खानदेशांतला समजावा. मलकापूर, जामोद, बाळापूर हीं असतील तर वऱ्हाडांतला. पंतोजीला अक्षरावर बोट ठेवण्याची खोड असते खरी, परंतु स्थलनिश्चयाच्या कामीं ती खोड उपयोगी पडते.

आतां ह्या प्रदेशाच्या रचनेकडे वळूं, कारण सडकेचा खरा इतिहास दप्तरांपेक्षां जमिनींत अधिक असतो. उत्तरेस सातपुडा व दक्षिणेस अजिंठ्याची रांग ह्यांच्यामध्यें पूर्णा पश्चिमेकडे वाहत जाऊन चांगदेवाजवळ तापीस मिळते. दक्षिणेच्या डोंगरांतून नळगंगा, विश्वगंगा व ज्ञानगंगा अशा तीन 'गंगा' उत्तरेकडे धांवत पूर्णेस येऊन मिळतात. पहिलीच्या कांठीं मलकापूर आहे, तिसरीच्या कांठीं नांदुरें. पुढें बाळापूर हें मान व म्हैस ह्या नद्यांच्या संगमावर आणि अकोलें मोर्णेवर. म्हणजे पूर्व-पश्चिम जाणाऱ्या वाटसरूस जवळजवळ प्रत्येक मजलेस एक नदी आडवी येते. खोरें सारें काळ्या कापूसजमिनीचें. उन्हाळ्यांत तिला हातभर रुंद भेगा पडतात आणि मृगाचे दोन पाऊस झाले कीं तीच माती चाकाला अशी चिकटते, कीं बैल गाडी ओढतो कीं शेत ओढतो हें कळत नाहीं. त्यांत नांदुऱ्याच्या उत्तरेस पूर्णेकडे जावें तों विहिरींचें पाणी मचूळ होत जातें. हा तो प्रसिद्ध खारपाणपट्टा. ज्या तांड्यास शेंकडों बैलांना पाणी पाजावयाचें त्याला नदीच्या कांठानें लांबवर जाणें परवडणारें नव्हतें. खाऱ्या पट्ट्याच्या दक्षिण कडेनें, डोंगराच्या पायथ्याकडे सरकून जाणारीच वाट त्याला धरावी लागे, आणि मलकापूर, नांदुरें, खामगांव ह्या ओळीचें रहस्य बरेंचसें ह्यांत आहे. वाट होती, ह्याविषयीं शंका नाहीं. ती राजमार्ग नव्हती, एवढेंच आमचें म्हणणें.

राजमार्ग होता तो आडवा. बऱ्हाणपूर हें चौदाव्या शतकाच्या अखेरीस फारुकी सुलतानांनीं वसविलेलें शहर, इ. स. १६०१ त असीरगड पडल्यावर तें मोंगलांच्या दक्षिणेंतील कारभाराचें मुख्य ठाणें झालें. तेथून दक्षिणेंत उतरावयाचें म्हणजे तापी व पूर्णा ओलांडून अजिंठ्याच्या रांगेंतील कोणत्या तरी घाटानें वर चढलें पाहिजे. पश्चिमेकडचा घाट फर्दापूरचा व पूर्वेकडचा रोहिणखेडचा. रोहिणखेड आज मोताळें तालुक्यांतील एक लहान गांव आहे, पण त्याच्या भोंवतालीं दोन मोठ्या लढाया झाल्या. इ. स. १४३७ त खानदेशच्या नसीरखान फारुकीनें वऱ्हाडावर स्वारी केली, तेव्हां अलाउद्दीन अहमदशहा बहामनीचा सरदार खलफ हसन बसरी ह्यानें त्याला येथें मोडून थेट बऱ्हाणपूरपर्यंत पिटाळलें. पुढें १५९१ त बुरहान निजामशहानें खानदेशच्या राजे अलीखानाच्या साह्यानें जमालखान महदवीचा येथेंच नाश केला व अहमदनगरची गादी मिळविली. दीडशें वर्षांच्या अंतरानें दोन निरनिराळ्या राज्यांच्या फौजा एकाच खिंडीच्या तोंडाशीं गांठ घालतात ह्याचा अर्थ उघड आहे: दक्षिण व खानदेश ह्यांमधील दार तें होतें. मलकापूर हें खानदेशच्या एका फारुकी राजपुत्रानें वसवून आपल्या मुलीच्या मलिका ह्या पदवीवरून त्याला नांव दिलें असें गॅझेटियरांत सांगितलेलें आहे. ती कथा कशीही असो, खानदेशच्या राजवंशास पूर्णेच्या दक्षिणेस पेठ वसवावीशी वाटली ती ह्याच दक्षिणोत्तर रहदारीमुळें.

आईन-इ-अकबरींत मलकापूर व बाळापूर हे दोन्ही महाल वऱ्हाड सुभ्याच्या नरनाळा सरकारांत आहेत. बाळापुराजवळच्या दोन ओढ्यांच्या कांठीं निरनिराळ्या रंगांचे सुंदर दगड सांपडतात व तेथून सहा कोसांवर शाहजादा मुरादच्या छावणीचें शहापूर हें शहर झालें, असा मजकूर अबुल फजलनें दिला आहे. हा मुराद १५९९ त पूर्णेच्या कांठीं वारला असें वाचून कांहीं मंडळी त्याच्या मृत्यूची जागा आमच्या पूर्णेवर शोधूं लागतात. ती पूर्णा दुसरी. दौलताबादेपासून वीस कोसांवरची, गोदावरीस मिळणारी. एका नांवाच्या दोन नद्या एकाच डोंगराच्या दोन बाजूंस असल्या म्हणजे असा गोंधळ व्हावयाचाच.

ह्या टापूंत पावसाळ्यांत प्रवास करणें म्हणजे काय, ह्याचें सर्वांत बोलकें उदाहरण इ. स. १७२० चें आहे. निजामुल्मुल्कानें नर्मदा उतरून असीरगड व बऱ्हाणपूर घेतलें होतें. त्याच्यावर औरंगाबादेहून सय्यदबंधूंचा पुतण्या अलीमअलीखान हा मराठ्यांची फौज बरोबर घेऊन फर्दापूरच्या घाटानें उतरला. दोघांच्या मध्यें पूर्णा दुथडी भरून वाहत होती व कोणालाच पलीकडे जातां येईना. अखेर निजाम नदीच्या कांठाकांठानें वर वऱ्हाडांत सरकला आणि तिकडील जमीनदारांच्या माहितीनें उतार सांपडल्यावर दक्षिण तीरास आला. पुढचे दिवस त्याच्या सैन्यास फार जड गेले. पाऊस थांबेना, काळ्या चिखलांत जनावरें रुतूं लागलीं, मराठ्यांनीं दाणावैरण तोडली. जागा बदलीत बदलीत तो बाळापुराजवळ पोंचला आणि १० ऑगस्ट १७२० रोजीं तेथें लढाई होऊन अलीमअली मारला गेला. पुढल्या हैदराबादच्या राज्याचा पाया ह्याच लढाईनें घातला गेला. आमच्या विषयापुरता तिचा बोध निराळा आहे. निजामासारख्या सेनापतीजवळ तोफा होत्या, पैसा होता, बऱ्हाणपूर हातांत होतें. तरी बऱ्हाणपूर ते बाळापूर हें अंतर काटण्यास त्याला पक्की सडक मिळाली नाहीं, उतार विचारीत जावें लागलें. बादशाही महामार्ग येथून जात असता तर हें घडतें ना.

मराठेशाहींतही ओघ आडवाच राहिला. इ. स. १७६० च्या वसंतांत सदाशिवरावभाऊंची फौज परतुडाहून निघून एप्रिलच्या आरंभीं बऱ्हाणपुरास पोंचली. ह्या दोन ठिकाणांमध्यें अजिंठ्याची रांग व तापी-पूर्णेचें खोरें उतरल्यावांचून गत्यंतर नाहीं. १७६१ त मलकापूरनें लूट टाळण्याकरितां रघुनाथरावांच्या फौजेस साठ हजार रुपये भरले अशी नोंद गॅझेटियरांत आहे. पेठेची ऐपत मोजण्यास हा आंकडा पुरेसा आहे, आणि फौजांच्या वाटेवर वसण्याची किंमतही त्यांत आली. ह्याच काळीं वऱ्हाडांत निजाम व नागपूरकर भोसले ह्यांची दोअमली चालू होती. एकाच गांवीं दोन सरकारांचे अंमलदार. वाटसरूच्या हातीं दोन दाखले.

व्यापार कसा चाले ह्याकडे आतां पाहूं. कौटिल्यानें चाकांचा मार्ग व पायवाट ह्यांची तुलना करून चाकांचा मार्ग श्रेष्ठ ठरविला, कारण त्यावरून मोठा व्यवहार होतो. परंतु देशकाल पाहून गाढवें-उंटें चालतील असा मार्गही चांगला, अशी पुस्ती त्यानें लगेच जोडली आहे. वऱ्हाडचा देशकाल शतकानुशतकें ह्या पुस्तीच्या बाजूचा होता. येथें उंटाच्या जागीं लमाणांचा बैल होता. त्याला पूल नको, खडी नको. चिखल वाळला कीं शेतांच्या बांधांवरून हजार बैलांचा तांडा निघे, येतांना मीठ आणी, जातांना कापूस व धान्य नेई. बैलांच्या खुरांनीं पडलेली वाट दरवर्षीं थोडी सरके. म्हणूनच अशा वाटेचे अवशेष दगडांत सांपडत नाहींत. ते पाणवठ्यांत, तळांच्या जागांत व गांवांच्या वेशींच्या तोंडांत शोधावे लागतात.

कापसाचें तोंड पूर्वीं पूर्वेकडे होतें. पांचशें मैलांवरील मिर्झापूरपर्यंत तो बैलांच्या पाठीवर जाई व तेथून गंगेनें कलकत्त्यास. अमरावतीच्या एका व्यापाऱ्यानें १८४२ सालीं एक लाख बैल कापूस कलकत्त्याकडे रवाना केला असें सांगतात. पश्चिमेकडे पहिलें मोठें वळण दिलें तें विकाजी व पेस्तनजी ह्या पारशी पेढीनें. १८२५-२६ त त्यांनीं मुंबईस कापसाची भारी पाठवणी केली, आणि त्या सुमारास रस्त्यानें गेलेल्या त्यांच्या एका खेपेचे आंकडे उपलब्ध आहेत: पांचशें बैल, एक लाख वीस हजार पौंड वजन, पंचवीस हजार रुपये किंमत. म्हणजे दर बैलामागें २४० पौंड, सुमारें तीन पक्के मण, आणि पन्नास रुपयांचा माल. खामगांवचा कापसाचा बाजार १८२० च्या आगेमागे उभा राहिला. येथून पुढें नांदुरें-मलकापूर-खानदेश ही वाट वर्षांतून आठ महिने कापसाची वाट झाली. खानदेशांत धुळ्यास ती मुंबई-आग्रा रस्त्याला मिळे व थळघाटानें कोंकणांत उतरे. लांबीचा मार्ग आडव्या मार्गावर वरचढ झाला तो ह्या तीस-चाळीस वर्षांत. बऱ्हाणपूरचें वैभव तोंवर ओसरलें होतें. फौजा थांबल्या होत्या. मुंबई मात्र वाढत होती.

१८५३ त वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यांत आलें आणि दहा-पंधरा वर्षांतच आगगाडी आली. अमेरिकेंतील यादवी युद्धानें, इ. स. १८६१ ते १८६५, कापसाचा भाव आकाशास भिडला असतां भुसावळेहून नागपूरची शाखा घालण्याचें काम चालू होतें. १८६७ त गाडी नागपुरास पोंचली. येथें एक गोष्ट फारशी कोणाच्या ध्यानांत येत नाहीं. भुसावळेपासून नांदुऱ्यापर्यंत सडक व लोहमार्ग जवळजवळ हातांत हात घालून येतात. नांदुऱ्यास ते एकमेकांस सोडतात. लोहमार्ग सपाटी धरून जलंब, शेगांव ह्या वाटेनें अकोल्यास जातो. सडक आग्नेयीकडे वळून खामगांव-बाळापूर धरते. सडकेला जुन्या पेठा सोडवल्या नाहींत, आगगाडीला त्यांची पर्वा नव्हती. खामगांवच्या व्यापाऱ्यांचें वजन एवढें, कीं जलंबहून त्यांच्याकरितां आठ मैलांचा फांटा काढावा लागला व १८७० त लॉर्ड मेयोनें तो खुला केला. बाळापुरास तें भाग्य लाभलें नाहीं. मोंगलांचें ठाणें, निजामाच्या उदयाचें रणांगण, अठराव्या शतकांतील किल्ला, मिर्झा राजे जयसिंगाच्या नांवानें ओळखली जाणारी छत्री, इतकें सर्व असून तें गांव रुळांपासून बाजूला पडलें, आणि कोट नाहीं, लढाई नाहीं असें नांदुरें स्टेशनाच्या बळावर वाढलें. इतिहासाचा न्याय असा असतो काय, असा प्रश्न बाळापूरकर विचारूं शकतील. आमच्यापाशीं त्यास उत्तर नाहीं.

पुढचा वृत्तांत थोडक्यांत देतों. रुळांस समांतर सडकेवर खर्च करण्यापेक्षां स्टेशनांस येऊन मिळणारे रस्ते करावे, हें त्या काळचें सरकारी धोरण. त्यामुळें नांदुऱ्याहून उत्तरेस जळगांव-जामोदकडे व दक्षिणेस मोताळ्याकडे जाणारे रस्ते महत्त्वास चढले. नीट पाहिलें तर ही त्या जुन्या आडव्या वाटेचीच नवी आवृत्ति होय. मोटारी आल्यावर लांबीच्या सडकेची पुन्हा आठवण झाली. बॅरिस्टर मुकुंदराव जयकर ह्यांच्या अध्यक्षतेखालीं १९२७ त नेमलेल्या समितीनें १९२८ त अहवाल दिला व १९२९ त रस्त्यांकरितां मध्यवर्ती फंड निघाला. १९४३ च्या डिसेंबरांत सर्व प्रांतांचे मुख्य इंजिनिअर नागपुरास जमले आणि त्यांनीं राष्ट्रीय महामार्ग, प्रांतिक महामार्ग, जिल्ह्याचे रस्ते व खेड्यांचे रस्ते अशी श्रेणी लावून दिली. आजच्या कागदोपत्रीं परिभाषेचें मूळ तेथें आहे. १९५६ त राष्ट्रीय महामार्गांचा कायदा झाला. त्याच वर्षीं वऱ्हाड मध्यप्रांतांच्या जुन्या संसारांतून निघून मुंबई राज्यांत आलें. जून २०२२ मध्यें ह्याच महामार्गाच्या अमरावती-अकोला टप्प्यांत १०५ तास ३३ मिनिटांत एका पदरीच्या हिशेबानें ७५ किलोमीटर डांबरीकरण करून जागतिक विक्रम नोंदविला गेला. १७२० चा निजाम तें पाहता तर काय म्हणता, ही कल्पना मनांत आल्यावांचून राहत नाहीं. नांदुऱ्याची खूण म्हणून आतां प्रवासी मारुतीच्या १०५ फुटी मूर्तीकडे बोट दाखवितात. ज्ञानगंगेकडे कोणी पाहत नाहीं.

आतां राहिला प्रश्न कागदांचा, आणि तो ह्या लेखाचें खरें कारण आहे. सर आल्फ्रेड लायल ह्यांचें १८७० चें गॅझेटियर व बुलढाण्याचे यादव माधव काळे ह्यांचा १९२४ चा 'वऱ्हाडचा इतिहास' ह्यांवर आपण फार दिवस निभावून नेलें. दोन्ही ग्रंथ अमोल आहेत, परंतु वाटांचा इतिहास राजांच्या इतिहासांत मावत नाहीं. तो राहदारीच्या दस्तकांत, जकातीच्या तपशिलांत, पेठेच्या कौलांत, घाटावरील मेटांच्या नेमणुकांत आणि नदीवरील नावाड्यांच्या वतनपत्रांत असतो. हे कागद राजधान्यांत नसतात. ते देशमुख-देशपांड्यांच्या वाड्यांत व नावाडी भोई-कोळ्यांच्या घरांत असतात. दोअमलीमुळें त्यांत कालगणनेचा एक फांस आहे, तो ध्यानीं ठेवावा. निजामाच्या बाजूचा कागद फसली सन लिहील, मराठी बाजूचा सुहूर. दोहोंत सुमारें नऊ वर्षांचें अंतर. फसलींत ५९० मिळविले व सुहुरांत ५९९ मिळविले म्हणजे इसवी सन साधारण येतो. फसली ११७० व सुहूर ११६१ हें एकच साल, १७६०-६१. हा फरक न पाहतां दोन कागद एका माळेंत ओंवले, तर बापाच्या आधीं मुलाला वतन मिळाल्यासारखें दिसूं लागतें.

नांदुरें तालुक्यांत पूर्णेवर जिगाव येथें मोठें धरण होत आहे व त्याच्या पाण्याखालीं जाणारीं नदीकांठचीं गांवें उठून नव्या गांवठाणांत जात आहेत. नांदुऱ्याहून जळगांव-जामोदकडे जातांना येरळीस जेथें आज पूर्णेवर पूल आहे, त्या टापूंतले जुने उतार, नावेचे घाट, तांड्यांचे तळ, हे सर्व ह्याच पट्ट्यांत येतात. म्हणजे दक्षिणोत्तर वाटेचा जो पुरावा जमिनीवर शिल्लक आहे त्यांतील बराचसा भाग जलाशयाच्या क्षेत्रांत आहे. घर उठतांना माळ्यावरची पेटी खालीं येते, आणि मोडी कोणाला वाचतां येत नसल्यानें तिच्यांतला रुमाल बंबाजवळ ठेविला जातो. मंडळाच्या सभासदांपैकीं ज्यांचे आप्त मलकापूर, नांदुरें, जळगांव-जामोद व शेगांव ह्या बाजूस असतील त्यांनीं येत्या उन्हाळ्याच्या सुटींत एक फेरी करावी. पेटी मागूं नये, विकतही घेऊं नये. मालकाच्या ओसरीवर बसून प्रत्येक कागदाचें छायाचित्र घ्यावें, त्यावर गांवाचें व सालाचें टिपण करावें आणि रुमाल जसा होता तसा बांधून द्यावा. प्रथम नावाड्यांचीं घरें पाहावीं. देशमुखांचे वाडे मागाहून पाहिले तरी चालतील.